ओइवाच्या सिनेमातली शिट्टी

माझा मेव्हणा ओइवा केम्पाइनेन याचा कुठलाही सिनेमा सुरू झाला की पहिली दोन मिनिटं पडद्यावर फक्त त्याचंच नाव. दिग्दर्शन ओइवा केम्पाइनेन. कॅमेरा ओइवा केम्पाइनेन. संकलन, संगीत, नेपथ्य, आवाज, निवेदन, सगळं तोच. एकदा तर 'घोड्याची निगा' हेसुद्धा त्याच्याच नावावर होतं, आणि घोडा आमचा होता! मी तिथल्या तिथे म्हटलं, "अरे, निदान शेण तरी मी काढलंय, ते लिही." तो म्हणाला, "जागा नव्हती."

असा माणूस. पण हे पहिल्यापासून सांगितलं पाहिजे.

युद्धात ओइवा तोफेपाशी होता. परत आला तो लाकूड कापायच्या गिरणीत लागला, आणि दर रविवारी सायकलवर प्रोजेक्टर बांधून आजूबाजूच्या गावांत सिनेमे दाखवत फिरायला लागला. आमच्या लेहतोवारातही यायचा. माझी थोरली बहीण हेल्वी तेव्हा वीस वर्षांची. ती दाराशी तिकिटं फाडायला बसायची आणि हा यंत्रामागून पडद्याकडे बघायचं सोडून तिच्याकडे बघायचा. दोनदा फिल्म जळली. तिसऱ्यांदा जळली तेव्हा आमचे वडील म्हणाले, "याचं लग्न लावून टाका, नाहीतर सभागृह पेटवील हा." मी तेव्हा चार वर्षांची. त्या लग्नात मी केकवर बसले होते म्हणे. मला काही आठवत नाही, पण ओइवाने ते आयुष्यभर चारचौघांत सांगितलं.

पुढे गिरणीतल्या पगारातून त्याने एक जुना कॅमेरा घेतला. आधी गावातली लग्नं, मयती, गवत कापणी, असलं काय काय टिपलं. मग एके दिवशी हेल्वीला म्हणाला, "मी आता गोष्टीचा सिनेमा करणार." हेल्वीने विचारलं, "कुणाला घेऊन?" म्हणाला, "तुला." झालं. तेव्हापासून आमच्या घरात कुणाला नीट झोप म्हणून लागली नाही.

कथा हाच लिहायचा, रात्रपाळी करून आल्यावर. झोपडी हाच बांधायचा, जाळायचा असेल तर हाच जाळायचा. संगीत म्हणजे हा आणि याचा अकॉर्डियन. पाद्री हवा असेल तर हाच दाढी लावून पाद्री, आणि दुसऱ्या मिनिटाला दाढी काढून चोर. एका सिनेमात पाद्री चोराला पकडतो. तो प्रसंग बघताना अख्खं सभागृह श्वास रोखून होतं, कारण दोघं एकाच वेळी पडद्यावर कसे येतात ते सगळ्यांना बघायचं होतं. आलेच नाहीत. एकाची पाठ दाखवली, आणि ती पाठ हेल्वीची होती.

बाकी गाव हाताशी होतंच. आमच्याकडे कुणाचं छप्पर घालायचं असो की विहीर खणायची असो, सगळे जमतात, काम करतात, सूप पितात आणि घरी जातात. तसेच ओइवाच्या सिनेमालाही जमायचे. ओंडके उचलायला, बर्फ सारायला, जमाव म्हणून उभं राहायला. पण कॅमेऱ्याला, कात्रीला, आवाजाच्या यंत्राला हात लावायची कुणाची टाप नव्हती. मी एकदा नुसतं झाकण उचललं तर असा खेकसला माझ्यावर!

मी स्वतः त्याच्या सिनेमांत चार वेळा मेले. एकदा क्षयाने, एकदा अस्वलाने, आणि दोनदा तळ्यात बुडून. त्यातलं एक बुडणं ऑक्टोबरातलं होतं, काठाला बर्फ धरायला लागला होता. मी निळी पडून बाहेर आले, दातावर दात वाजत होते, हेल्वीने घोंगडीत गुंडाळलं. ओइवा म्हणाला, "चालेल." आता तुम्हाला वाटेल काय हा माणूस! पण 'चालेल' हा शब्द त्याने आयुष्यात मोजून पाच-सहा वेळा वापरला असेल. मी आठवडाभर हवेत होते.

सिनेमा झाला की गावाच्या सभागृहात रविवारी दुपारी खेळ. खेळ संपला की कॉफी आणि वेलदोड्याचा पाव. सिनेमाबद्दल कुणी अवाक्षर काढायचं नाही. हवापाण्याचं बोलायचं, कुणाच्या गाईचं बोलायचं. आवडला असेल तर कॉफीचा दुसरा कप घ्यायचा. नसेल आवडला तर एका कपावर उठायचं. ओइवा कोपऱ्यात भिंतीला टेकून उभा राहायचा आणि कोण किती कप घेतं ते बघत राहायचा. हेल्वी किटली घेऊन फिरायची आणि अर्ध्या लोकांना न विचारताच दुसरा कप ओतून टाकायची. मी हे तिला कित्येकदा करताना पाहिलंय. बोलले नाही.

हेल्वी चौऱ्याऐंशीच्या हिवाळ्यात गेली. तीन महिन्यांत गेली. मला आईसारखीच होती ती, त्यामुळे त्याबद्दल मी फार सांगणार नाही.

ओइवा तेव्हा एकच सिनेमा करत होता, नऊ वर्षं झाली होती त्याला. आमच्या नदीतून लाकडाचे ओंडके वाहवत नेणाऱ्या माणसांवरचा. ते काम बंद पडत चाललं होतं, शेवटच्या काही खेपा त्याने चित्रित करून ठेवल्या होत्या. हेल्वी गेल्यावर तो सौनाच्या, म्हणजे आमच्या वाफेच्या न्हाणीघराच्या, बाहेरच्या खोलीत शिरला, आणि तीन वर्षं तिथून बाहेर आलाच नाही म्हणा ना. कपडे वाळत घालावेत तसे दोरीवर चिमट्यांनी फिल्मचे तुकडे लटकवलेले आणि मध्ये हा. मी डबा नेऊन ठेवायची, दुसऱ्या दिवशी रिकामा आणायची.

सत्त्याऐंशीच्या मार्चमध्ये तो म्हणाला, "झाला." आणि पुढे म्हणाला, "कायानीच्या सिनेमांच्या मेळाव्याला पाठवतो. मेअखेर मुदत आहे. घेतला तर अजून एक करीन. नाही घेतला तर कॅमेरा विकतो. बास झालं."

सहासष्ट वर्षांचा माणूस. बायको नाही, मूल नाही. कॅमेरा विकल्यावर हा त्या घरात बसून काय भिंती मोजणार होता का?

रविवारी सभागृहात खेळ. दिवे गेले, नदी आली, ओंडके आले, आणि त्याबरोबर शिट्टी आली. बारीक, सुईसारखी, सलग. मला आधी वाटलं कुणाच्या तरी कानातल्या यंत्राची आहे. पण ओंडकेवाले बोलायला लागले की शिट्टी, नदी खळाळली की शिट्टी, अकॉर्डियन वाजला की शिट्टी. एक तास दहा मिनिटं! पोरांनी कानांवर हात ठेवले. शाळेतली मास्तरीण डोळे मिटून बसली होती, जणू दाढ काढून घेतेय. आणि पुढच्या चार रांगा? अगदी खुशाल. पुढे म्हातारे बसतात आणि आमचे म्हातारे सगळे गिरणीतले नाहीतर यांत्रिक करवतीवाले. त्यांच्या कानांतून पक्षी-बिक्षी केव्हाच उडून गेलेले. ते मजेत नदी बघत होते.

मी वळून ओइवाकडे पाहिलं. तो यंत्राशेजारी उभा होता. चेहरा असा शांत, की माझ्या लगेच लक्षात आलं. याला ऐकूच येत नाहीये.

त्यानंतर काय झालं ते फक्त आमच्याच गावात होऊ शकतं. दिवे लागले, कॉफी आली, आणि सगळ्यांनी दुसरा कप घेतला. सगळ्यांनी! म्हाताऱ्यांनी आवडला म्हणून, आणि बाकीच्यांनी आता बोलायचं कसं म्हणून. मास्तरणीने तर तिसराही घेतला. ओइवा भिंतीला टेकून कप मोजत होता, आणि मी हेल्वीच्या जागी किटली घेऊन फिरत होते. मीसुद्धा काही बोलले नाही. मीही त्यातलीच.

घरी जाताना माझा नवरा विल्हो म्हणाला, "चांगला होता."

"तुला शिट्टी ऐकू आली नाही?"

"आली की."

"मग?"

"मग काय? त्याचा सिनेमा आहे. त्याला हवी असेल शिट्टी."

मी गाडीतच कपाळ बडवून घेतलं. "अरे बाबा, हवी असेल काय! त्याला ऐकू येत नाही. हे असंच कायानीला गेलं तर दोन मिनिटांत परत पाठवतील ते लोक."

"मग सांग त्याला, रायली."

"आणि सांगितलं तर? कान गेले म्हटल्यावर दुसऱ्याला हात लावू देणार आहे का तो? सगळंच सोडून देईल."

"मग नको सांगू," विल्हो म्हणाला आणि गाडी चालवत राहिला. असल्या माणसाबरोबर मी एकवीस वर्षं संसार केलाय.

तीनदा मी सांगायला गेले. पहिल्यांदा बटाटा आणि लाल बेरी भरलेल्या राय धान्याच्या पोळ्या घेऊन गेले, त्या खाऊन झाल्या, मी परत आले. दुसऱ्यांदा मासे घेऊन गेले. तिसऱ्यांदा काहीच नेलं नाही, म्हटलं खायला असलं की तोंड गुंततं. ओइवा सिनेमाचा डबा कागदात गुंडाळत होता. दुसऱ्या दिवशी पोस्टात टाकणार म्हणाला, मुदतीच्या कितीतरी आधी.

मी म्हटलं, "ओइवा, पाठवू नकोस. आवाजात शिट्टी आहे."

"कुठे?"

"सगळीकडे. पहिल्यापासून शेवटपर्यंत. त्या तुझ्या जुन्या यंत्रातलं कुठलंतरी चाक झिजलंय."

"माझं यंत्र ठणठणीत आहे. मी स्वतः ऐकलंय."

आता काय करायचं? माझ्या मनगटावर विल्होने नाताळात दिलेलं आकड्यांचं घड्याळ होतं, पिपीप करणारं. ते काढलं, गजर लावला आणि ओइवाच्या कानाशी धरलं.

तो वाट बघत राहिला. मग म्हणाला, "वाजव की."

"वाजतंय."

त्याने माझ्याकडे पाहिलं. घड्याळाकडे पाहिलं. काचेवर गजराची खूण लुकलुकत होती. त्याने ते माझ्या हातातून घेतलं, दुसऱ्या कानाला लावलं, दाबून धरलं. घड्याळ वाजून वाजून गप्प झालं तरी तो तसाच होता. माझ्या डोळ्यांतून पाणी यायला लागलं. थांबेना.

"सभागृहात किती जणांना ऐकू आली?" त्याने विचारलं.

"पन्नाशीच्या आतल्या सगळ्यांना."

"आणि कुणी बोललं नाही?"

"तू बोलला असतास?"

त्याने घड्याळ मला परत दिलं आणि म्हणाला, "नाही." मग उठून त्याने मला दार उघडून दिलं. घालवून दिलं म्हणा.

नंतर साडेतीन आठवडे तो कुणाला दिसला नाही. धुराड्यातून धूर निघायचा, म्हणजे जिवंत होता. मी डबा ठेवायची, तो रिकामा व्हायचा. दार काही उघडायचं नाही. रस्त्यावरचा बर्फ काळा पडला, वितळला, तळ्यावरचा बर्फ तडकायला लागला. मला स्वतःचाच राग यायचा. का तोंड उघडलं मी? सगळं गाव गप्प बसू शकतं तर रायलीबाईंनाच कशाला एवढी खाज?

मी शाळेत स्वयंपाकीण आहे. गुरुवारी वाटाण्याचं सूप असतं. एप्रिल संपत आला होता, असाच एक गुरुवार, पोरांची रांग लागलेली. मी पळीने सूप वाढतेय, आणि रांगेत पोरांच्या मागे ट्रे घेऊन ओइवा उभा! दाढी वाढलेली, कोट उलटसुलट बटणं लावलेला. माझ्या समोर आला, ट्रे पुढे केला. मी सूप वाढलं.

"सूपात घालायला मोहरीची चटणी आहे का?" म्हणाला.

"टेबलावर आहे."

"सुटतेस कधी?"

"तीनला."

"मग ये." दोन पावलं गेला आणि परत आला. "कान घेऊन ये."

मी उरलेल्या पोरांना किती सूप वाढलं, कुणाच्या ताटात वाढलं, देव जाणे.

त्या दिवसापासून मी सौनाच्या बाहेरच्या खोलीत बसायला लागले. आवाजाच्या मूळ फिती सगळ्या स्वच्छ होत्या, शिट्टी भरली होती ती नंतर, जुन्या यंत्रावर आवाज जोडताना. चर्चमध्ये ऑर्गन वाजवतो त्याच्याकडून ओइवा एक चांगलं यंत्र मागून घेऊन आला होता. मागून! ओइवा! हे सांगताना तो खिडकीबाहेर बघत होता. आम्ही पहिल्यापासून आवाज पुन्हा भरायला घेतला. हेडफोन माझ्या कानांवर, आणि हा शेजारी स्टुलावर.

"काय ऐकू येतंय?"

"पाणी. माणसं. कुणीतरी शिव्या देतंय."

"तो पेंटी. राहू दे. अजून?"

"चिमण्या आहेत. खूप."

"चिमण्या कुठल्या? त्या दिवशी चिमण्या नव्हत्या."

"होत्या, ओइवा."

तो वहीत लिहायचा. आमची भांडणंही खूप झाली. "हळू कर" म्हटलं की मी करायची नाही, कारण हळू नकोच होतं. एकदा म्हणाला, "दिग्दर्शक कोण आहे इथे?" मी म्हटलं, "तू. पण बहिरा दिग्दर्शक." बोलले आणि जीभ चावली. त्याने माझ्याकडे बघितलं आणि असा हसला, खदाखदा, हेल्वी गेल्यापासून पहिल्यांदाच. मग मीही हसले. हसून हसून पोट दुखलं दोघांचं.

मेच्या तिसऱ्या आठवड्यात आम्ही शेवटाकडे आलो. एक जागा रिकामी होती. ओंडके निघून गेल्यावर नुसती नदी, आवाज काहीच नाही. मला ते बरोबर वाटेना, जेवणात मीठ राहिल्यासारखं. मी म्हटलं, "या जागी दुसरं काही घेतलं नव्हतंस?"

"घेतलं होतं. हेल्वीला काठावर उभं केलं होतं. पण वाया गेलं. पाण्याकडे बघ म्हटलं तर बया वर बघत राहिली. सहा वेळा घेतलं, सहाही वेळा वर. मी ओरडलो तिच्यावर."

"फीत आहे?"

त्याने फळीवरून डबा काढला. वर लिहिलं होतं: 'हेल्वी, काठ, एकोणऐंशी, खराब'. त्याने पडद्यावर चित्र लावलं, मी फीत लावली.

माझी बहीण काठावर उभी होती, निळा रुमाल बांधून. मान वर, देवदाराच्या झाडाकडे. आणि माझ्या कानात हिप्पिआइनेन गात होता. अंगठ्याएवढा पक्षी, डोक्यावर पिवळी रेघ, आवाज सगळ्यांत बारीक. आमच्याकडे सगळ्यांना ठाऊक आहे, वय झालं की पहिल्यांदा तोच ऐकू यायचा बंद होतो.

मग हेल्वीचा आवाज आला, अगदी हळू. "ओइवा, ऐक ना. हिप्पिआइनेन." थोडा वेळ नुसता पक्षी. मग, "ऐकू येतोय का रे तुला?" आणि लगेच ओइवाचा आवाज, धाडदिशी: "थांबव! वाया गेलं! पाण्याकडे बघायचंय, हेल्वी, पाण्याकडे!"

सहाही फितींवर पक्षी होता. पहिल्या दोनांत हेल्वी बोलली होती. नंतरच्या चारांत नुसती वर बघत होती.

मी हेडफोन काढला. कसं सांगू? पण मागे एकदा सांगितलं होतंच, आता गप्प बसून चालणार नव्हतं. जे ऐकलं ते शब्दन् शब्द सांगितलं. त्याच्या ओरडण्यासकट.

ओइवाने चित्र थांबवलं. हेल्वी तशीच वर बघत राहिली.

"म्हणजे तिला माहीत होतं," तो म्हणाला. "आठ वर्षांपूर्वी."

"होतं."

"बोलली नाही नंतर."

"दोनदा बोलली, ओइवा. तू ओरडलास."

तो रडला. मी त्याला रडताना त्याआधी पाहिलं नव्हतं, हेल्वीच्या मयतीलाही नाही. मी त्याच्या पाठीवर हात ठेवला आणि ठेवून राहिले. मलाही आवरेना.

मग नाक पुसून म्हणाला, "किती वेळ गातो तो?"

"फीत संपेपर्यंत."

"कापू नकोस. सगळं घे. माझं ओरडणं सोडून."

"तेही घेऊ या," मी म्हटलं. त्याने वही ओढली. लिहिता लिहिता म्हणाला, "घे."

मुदतीला दोन दिवस असताना डबा पोस्टात पडला. कायानीवाल्यांनी सिनेमा घेतला. जूनमध्ये आम्ही तिघं विल्होच्या गाडीतून गेलो. मोठं सभागृह, अनोळखी लोक, खुर्च्यांना लाल कापड. पडद्यावर नावं आली: ओइवा, ओइवा, ओइवा, आणि मग 'आवाज: रायली कार्पिनेन'. विल्हो माझ्या कानात म्हणाला, "तुझंच नाव आहे हे." म्हटलं, कळतंय मला.

शेवटचा भाग आला तसा ओइवा माझ्याकडे झुकला. "पक्षी सुरू झाला की माझी बाही धर. थांबला की सोड. उगाच माझ्या समाधानासाठी धरून बसू नकोस."

ओंडके गेले. हेल्वी काठावर आली. पक्षी गायला लागला आणि मी ओइवाची बाही धरली. सभागृहात कुणी हललं नाही. हेल्वीने विचारलं, ऐकू येतोय का रे तुला. ओइवा ओरडला. तरी पक्षी गातच होता, हेल्वी वर बघतच होती, आणि मी धरूनच होते. मग पक्षी थांबला आणि मी बाही सोडली.

"बराच वेळ गातो की गं," ओइवा म्हणाला.